सेकंड हॅण्ड बोट नावावर करताय आणि बॉडीवरचा नंबर कागदाशी जुळत नाहीये? आधी हे वाचा

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे मला नीट कळलाय की नाही ते तुम्हालाही कळेल. तुम्ही गोव्यात बेतीला उभी असलेली एक २२ फुटी फायबरची बोट घेताय, घरच्यांना घेऊन मांडवीत फिरायला आणि रविवारी गरवायला, म्हणजे गळाने मासे धरायला. बोट बाहेरच्या देशात बांधलेली आहे. रजिस्ट्रेशनच्या कागदावर जो बॉडी नंबर आहे त्यात एका जागी 'ओ' हे अक्षर आहे, बोटीच्या मागच्या पाटीवर, म्हणजे मागच्या उभ्या भिंतीवर, त्याच जागी शून्य वाटतंय. नंबरच्या शेवटी 'जी ९०९' आहे आणि विकणारा छातीठोकपणे सांगतोय की बोट २०१२ ची आहे. इंजिनाचा नंबर तर कागदाशी अजिबात जुळत नाही. आणि एजंट म्हणतोय की पाचशेच्या स्टॅम्पवर ॲफिडेव्हिट करू, चार दिवसांत नावावर करून देतो. ॲफिडेव्हिट पुरेल का, एवढंच तुम्ही विचारलंय.

नाही पुरणार. पण "नको" एवढंच सांगून मी गप्प बसलो तर तुम्ही दुसऱ्या एजंटकडे जाल आणि तो "पुरेल" म्हणेल, म्हणून जरा सविस्तर लिहितो. मी गेली वीसेक वर्षं बोटींची पाहणी आणि त्यांचे कागद हेच करतोय, उत्तर गोव्यातल्या शापोऱ्यापासून दक्षिणेतल्या कुटबणपर्यंत, ट्रॉलर, डॉल्फिन ट्रिपच्या बोटी, हौसेच्या बोटी सगळं. कागदात सगळं छान आणि बोटीत गडबड, हे मी जितक्या वेळा बघितलंय त्याच्या तिप्पट वेळा उलटं बघितलंय, म्हणजे बोट सरळ आणि कागदात गोंधळ. त्यामुळे नंबर जुळला नाही म्हणजे समोरचा चोर असं लगेच धरून चालू नका. पण तुम्हाला खरं शोधायचंय ते वेगळंच आहे, की तो कागद ज्या बोटीसाठी बनला होता ती बोट हीच का. नंबर हा त्याचा एक पुरावा, सगळ्यात सोयीचा, पण एकटाच नाही. ॲफिडेव्हिटमध्ये विकणारा फक्त एवढंच म्हणतो की "माझ्या माहितीप्रमाणे हीच ती बोट". आता त्याला स्वतःलाच आधीच्या मालकाने गंडवलेलं असेल तर त्याच्या माहितीला काय अर्थ?

आता कशावर काय अवलंबून आहे ते बघू. तुमची बोट मासेमारीची असेल तर ती फिशरीजच्या म्हणजे मत्स्योद्योग खात्याच्या रजिस्टरात असणार आणि तिचा नंबर आयएनडी-जीए असा सुरू होणार, पुढे यांत्रिक बोटीला एमएम, इंजिन लावलेल्या होडीला एमओ, बिनइंजिनाच्या होडीला एनएम. तुमची हौसेची आहे आणि नदीत फिरणार आहे, म्हणजे ती कॅप्टन ऑफ पोर्ट्सकडे, म्हणजे बंदर खात्याकडे असणार. तिथे १९१७ चा जुना कायदा जाऊन २०२१ चा इनलँड व्हेसल्स ॲक्ट आला, तो ७ जून २०२२ पासून लागू आहे, आणि त्याखालचं रजिस्ट्रेशन देशभर चालतं. त्यामुळे बोट आधी महाराष्ट्रात नोंदलेली असली तरी कागद रद्दी होत नाही, फक्त तो मूळ कुठल्या ऑफिसने दिलाय ते बघा, कारण खरं रजिस्टर तिथे असणार. समुद्रात जाणाऱ्या मोठ्या बोटींचा मामला मर्चंट शिपिंगचा, त्यातही २०२५ मध्ये संसदेने नवा कायदा केला. थोडक्यात, फॉर्मचा नंबर माझ्याकडून किंवा कुठल्या व्हॉट्सॲप ग्रुपवरून घेऊ नका, पणजीत काउंटरवर जाऊन आज कुठला चालतो ते विचारून या. मी इथे बोट कशी ओळखायची ते सांगतो, ते कायदा बदलला तरी बदलत नाही.

तुमच्या पाटीवरचा नंबर म्हणजे बाहेरच्या बोटींना कारखान्यातच मिळणारा हल आयडेंटिफिकेशन नंबर, आपण सगळे त्याला बॉडी नंबर म्हणतो. अमेरिकेत तो नोव्हेंबर १९७२ पासून सक्तीचा आहे आणि आता जी पद्धत चालते ती १९८४ पासूनची. १२ जागा असतात. पहिल्या तीन जागा बोट बांधणाऱ्या कंपनीचा कोड, पुढच्या पाच त्या बोटीचा क्रमांक, मग एक अक्षर महिन्याचं, ए म्हणजे जानेवारी तिथपासून एल म्हणजे डिसेंबर, मग एक आकडा सालाचा शेवटचा, आणि शेवटचे दोन आकडे मॉडेलचं साल. युरोपातली बोट असेल तर याच्या आधी दोन अक्षरं देशाची आणि एक आडवी रेघ, तिकडे १९९८ च्या जूनपासून सक्ती आहे. अमेरिकन बोट असेल तर कंपनीचा तीन अक्षरी कोड अमेरिकन कोस्ट गार्डच्या वेबसाइटवर टाकून बघता येतो, फुकट आहे, दोन मिनिटांचं काम. तिथे कंपनी स्पीडबोट बनवणारी निघाली आणि तुमच्यासमोर दोन बॉडी जोडलेली कॅटामरान उभी असेल तर पुढचं काही बघायची गरजच नाही, सरळ घरी या.

आता तुमचा 'ओ' आणि शून्य. नियम असा आहे की मधल्या पाच जागांत आय, ओ आणि क्यू ही तीन अक्षरं वापरायचीच नाहीत, कारण ती एक आणि शून्यासारखी दिसतात. म्हणजे तुमचा 'ओ' चौथ्या ते आठव्या जागेत असेल तर कागद चुकलाय, टाइप करणाऱ्याने शून्याच्या जागी ओ दाबला, विषय संपला. पण तो पहिल्या तीन जागांत असेल तर उलटं, तिथे अक्षरंच असतात, म्हणजे कागद बरोबर आणि पाटीवर तुम्हाला शून्य वाटतंय तो मुळात ओ आहे. कितवी जागा ते तुम्ही लिहिलेलं नाही, आता मोजा, पुढे देशाची अक्षरं असतील तर ती सोडून. आणि पाटीवर खरंच ओळखू येईल असं शून्य, म्हणजे आतून तिरपी रेघ मारलेलं शून्य, पहिल्या तीन जागांत असेल तर मात्र मी थांबेन, कारण कारखान्यातून असा नंबर निघत नाही.

'जी ९०९' चं सोपं आहे. जी सातवं अक्षर, जुलै. ९ म्हणजे २००९. मॉडेल २००९ चं. म्हणजे बोट जुलै २००९ मध्ये बांधलेली आणि विकणारा म्हणतो २०१२. यात तो खोटंच बोलतोय असं नाही, बऱ्याचदा बोट डीलरकडे पडून राहते, मग विकली जाते, मग आपल्याकडे नोंदवली जाते आणि मालक रजिस्ट्रेशनचं साल हेच बोटीचं साल समजतो. गाडीच्या बाबतीतही लोक तेच करतात. पण तुम्ही पैसे देताना २००९ च्या बोटीचे द्या. तीन वर्षं म्हणजे फायबरच्या बोटीला, तीही आपल्या उन्हात आणि खाऱ्यात, थोडी नाहीत.

इथवर झालं नंबर वाचणं. आता पाटीवरचा तो नंबर खरा आहे की नाही ते बघायचंय आणि त्याला हात काळे करावे लागतात.

नंबर असतो मागच्या पाटीच्या, ज्याला ट्रान्सम म्हणतात तिच्या, उजव्या बाजूला वरच्या कोपऱ्यात. बोटीच्या मागे उभं राहून बोटीकडे तोंड केलं की तुमच्या उजव्या हाताला. अक्षरं निदान पाव इंच उंच हवीत आणि अशी कोरलेली, ठोकलेली किंवा साच्यातच उठवलेली हवीत की कोणी बदलली तर दिसलं पाहिजे. तुम्ही जाल तेव्हा तिथे शेवाळ नाहीतर पांढरी भुकटी असेल, फायबरच्या वरचा जेलकोट उन्हाने भुकटी सोडतो. साबणाचं पाणी आणि मऊ फडकं, बस्स. पॉलिश पेपर लावू नका, ॲसिड लावू नका, एकदा घासलं की खरं काय होतं ते कोणालाच सांगता येणार नाही, आणि मग विकणारा म्हणेल तुम्हीच घासलंत.

मग आरटीओत चासी नंबरचं पेन्सिल ट्रेसिंग घेतात ना, तसंच करायचं. पातळ कागद, मी पतंगाचा कागद वापरतो, दोन बाजूंना चिकटपट्टी लावून नंबरवर ताणून बसवायचा आणि मऊ पेन्सिल आडवी धरून हलक्या हाताने फिरवायची. फोटोत जे दिसत नाही ते ट्रेसिंगमध्ये येतं. आकडे सारख्या अंतरावर आहेत का, सगळ्यांचा ठसा सारखा खोल आहे का, एखादा ३ नंतर ८ केलाय का, कारण तसा केला असेल तर डावीकडची अर्धी बाजू वेगळ्या जाडीची येते. त्यानंतर टॉर्च समोरून न मारता बाजूने, पाटीला जवळजवळ चिकटवून धरा, म्हणजे उजेड आडवा जाईल. घासून बुजवलेला जुना नंबर असेल तर त्याची सावली अशाच उजेडात दिसते. संध्याकाळी उशिरा किंवा सकाळी लवकर गेलात तर टॉर्चपण लागत नाही, भर दुपारी बारा वाजता बोट बघायला बोलावणाऱ्याकडे मी जरा संशयाने बघतो, अर्थात तो जेवायच्या आधी मोकळा होत असेल तेवढंच कारण असू शकतं.

नंबर वेगळ्या छोट्या पट्टीवर असेल तर पट्टीपेक्षा तिच्या कडा आणि स्क्रू बघा. नखाने कडेवरून फिरवा. खरी पट्टी अशी लावलेली असते की काढली तर आजूबाजूला जखम राहते. यावर माझी स्वतःचीच गोष्ट सांगतो, तीत मी हिरो नाहीये.

सुरुवातीची वर्षं होती. एका गिऱ्हाईकासाठी बोट बघायला गेलो, नंबर कागदाशी अक्षर न अक्षर जुळला, फोटो काढला, रिपोर्ट दिला, बोट नावावर झाली. सहा-सात महिन्यांनी वार्षिक तपासणीला दुसरीच बोट त्याच नंबरची उभी राहिली. खरी तीच होती की नाही हे ठरायला पुढचा सगळा सीझन गेला आणि तेवढे महिने माझ्या गिऱ्हाईकाची बोट ताडपत्री घालून काठावर. मी माझा जुना फोटो काढून बघितला. पट्टीचे चारही स्क्रू नवे कोरे, चकचकीत, आणि बोटीवरचं बाकी एकूण एक लोखंड गंजलेलं. फोटोत अगदी स्वच्छ दिसत होतं. मी नंबर वाचत होतो, स्क्रू बघत नव्हतो. त्याहून वाईट म्हणजे कागदावर रुंदी २.१५ मीटर होती आणि ती बोट २.४० भरली असती, टेप माझ्या बॅगेतच होती पण नंबर जुळलाय म्हणून काढलीच नाही. त्या पात्रांवाने, म्हणजे माझ्या गिऱ्हाईकाने, मला एका शब्दाने काही म्हटलं नाही, त्यानेच जास्त लाज वाटली.

म्हणून आता मी टेप आधी काढतो. रजिस्ट्रेशनच्या कागदावर लांबी, रुंदी, खोली लिहिलेली असते. लांबीवर फार भांडू नका, कारण लांबी मोजायच्या दोन-तीन पद्धती आहेत, कोणी टोकापासून टोकापर्यंत धरतो, कोणी सुकाणूच्या दांड्यापर्यंतच, त्यातून मागे पोहायची फळी जोडली असेल तर ती कोणी धरतो कोणी सोडतो, एखाद फुटाचा फरक सहज पडतो. रुंदी बघा. बोट लांब करून घेतलेली मी पुष्कळ बघितली, रुंद करून घेतलेली एकही नाही. सगळ्यात रुंद जागी बाहेरून बाहेर मोजायचं, रबराची पट्टी सोडून. दोन-तीन सेंटिमीटर इकडेतिकडे चालतं. वीत वीत फरक असेल तर नंबर कितीही गोड जुळू दे, ती बोट ती नाही.

दुसरी एक गोष्ट एजंट लोक सांगत नाहीत, बहुतेकांना माहीतच नसते. हा नंबर बोटीवर दोनदा असतो. १९८४ नंतरच्या अमेरिकन पद्धतीत दुसरा ठसा आत कुठेतरी लपवून ठेवायचा असतो, एखाद्या फिटिंगच्या खाली किंवा सहज दिसणार नाही अशा जागी. कुठे ते कंपनी जाहीर करत नाही, तोच तर उद्देश. पण शोधला तर बऱ्याचदा सापडतो. हॅच म्हणजे डेकवरचं झाकण उघडायचं, मोबाईलचा लाइट लावून व्हिडिओ चालू करून हात आत घालायचा आणि सावकाश फिरवायचा, मग घरी बसून बघायचं. डोकं आत घालू नका, एक तर मावत नाही आणि पेट्रोलचा वास कोंडलेला असतो.

हा दुसरा नंबर किती कामाचा असतो त्याचं एक उदाहरण. शापोऱ्याच्या बाजूची बोट, मागच्या पाटीवर नंबरच नाही, जागा गुळगुळीत, वर नवा पांढरा जेलकोट. घेणारा घाबरला, मीही मनात म्हटलं चोरीचा माल. पण बोट बघत गेलो तर मागची सगळीच पाटी नवी वाटली. झालं होतं असं की फायबरच्या बोटीच्या मागच्या पाटीत आत प्लायवूड असतं, इंजिनाच्या बोल्टच्या भोकातून पाणी झिरपत झिरपत ते कुजतं, मग यार्डवाला बाहेरचं फायबर कापून काढतो, कुजकं प्लाय खरवडतो, नवं घालतो आणि वरून नवं फायबर मारतो. त्या कापलेल्या तुकड्यावरच नंबर होता आणि तो तुकडा गेला कचऱ्यात. मालकाला पत्ताच नाही, त्याला वाटलं रंगाखाली असेल. आम्ही दुसरा नंबर शोधला, स्टिअरिंगच्या कन्सोलखाली मिळाला, यार्डाचं बिल मिळालं, कामाच्या वेळचे दोन फोटो खलाशाच्या मोबाईलमध्ये निघाले. एवढं सगळं जोडून ऑफिसात दिलं, पाहणी झाली, नोंद झाली. तेव्हा नंबर नसणं हे सुद्धा आपोआप पाप नाही. पण तिथे जर दुसरा नंबर वेगळाच निघाला असता तर मी तिथूनच गिऱ्हाईकाला परत फिरवलं असतं.

इंजिनाचं थोडक्यात. आउटबोर्डचा, म्हणजे बोटीच्या मागे बाहेरून लावलेल्या इंजिनाचा नंबर बोटीला पकडणाऱ्या ब्रॅकेटवरच्या पट्टीवर किंवा स्टिकरवर असतो, काही कंपन्या ब्लॉकवरही एका गोल टोपणावर तोच ठोकतात. तुमचा अजिबातच जुळत नाही म्हणजे इंजिन बदललेलं आहे, १५ वर्षांहून जुन्या बोटीवर मूळ इंजिन असतं तरच नवल. प्रश्न एवढाच की ते नवं इंजिन आलं कुठून आणि त्याची नोंद रजिस्टरात का झाली नाही. बिल मागा, जीएसटीचं, ज्यावर इंजिनाचा नंबर छापलेला आहे असं. "मित्राकडून घेतलं" हे उत्तर मला चालत नाही, कारण अख्खी बोट चोरायला धाडस लागतं, आउटबोर्ड काढायला दोन माणसं आणि एक पाना पुरतो. हॉर्सपॉवर कागदावर एक आणि बोटीवर दुसरी असेल तर इन्शुरन्सवालाही क्लेमच्या वेळी तेच धरून बसेल.

आता कागद. विकणाऱ्याने दिलेली झेरॉक्स किंवा लॅमिनेट केलेलं ओरिजिनल यावर थांबू नका. जमीन घेताना आपण एक-चौदा, म्हणजे गोव्यातला सातबारासारखा उतारा, स्वतः काढून बघतो ना, मालकाने दाखवला म्हणून गप्प बसत नाही. तसंच ज्या ऑफिसने बोट नोंदवलीय तिथे अर्ज करून रजिस्टरमधल्या नोंदीची सर्टिफाइड कॉपी काढायला लावा. तीन गोष्टी तिथेच कळतात. नंबर मुळात रजिस्टरातच चुकीचा चढलाय की फक्त सर्टिफिकेट टाइप करताना चुकला, बोटीवर बँकेचा बोजा आहे का, आणि मालक एकटाच आहे की भाऊ-भाऊ मिळून. मालक अनेक असतील तर सगळ्यांच्या सह्या. गोव्यात सिव्हिल कोडमुळे नवरा-बायकोची मालमत्ता साधारण दोघांची धरतात म्हणून मी बोटीच्या करारावरसुद्धा दोघांची सही घेतो, कायद्याने लागतेच का हे वकिलाला विचारा, मी सवयीने घेतो आणि आजपर्यंत त्याचा पश्चात्ताप झालेला नाही.

बाहेरून आलेल्या बोटीचा आणखी एक कागद असतो, तो लोक विसरतात, कस्टमचा बिल ऑफ एन्ट्री, म्हणजे माल आयात केल्याचा कागद. त्यावर किंवा सोबतच्या इन्व्हॉइसवर बहुतेक वेळा कारखान्याचा बॉडी नंबर आणि इंजिन नंबर असतो. तुमच्या बाबतीत तोच कागद सोन्याचा, कारण तो रजिस्ट्रेशनच्या आधीचा आहे, म्हणजे रजिस्ट्रेशनच्या ऑफिसातल्या क्लार्कची चूक त्यात असूच शकत नाही. त्यावर शून्य असेल आणि पाटीवर शून्य असेल तर ओ कोणी घातला ते उघड आहे. शिवाय बोट नक्की कधी आली ते त्यावरच कळेल, २०१२ चा उलगडाही तिथेच होईल. सध्याच्या मालकाकडे नसेल तर ज्याने आणली त्याच्याकडे असेल, त्याचं नाव रजिस्टरच्या नोंदीत पहिलं मिळेल.

समजा हे सगळं जमलं आणि चूक नुसती टायपिंगची निघाली. मग एजंटशी वाद घालायचा मुद्दा हा, की दुरुस्ती आधी, ट्रान्सफर नंतर. एजंट उलटं सांगणार, आधी नावावर करून घेऊ मग करेक्शन बघू, कारण त्याची फी ट्रान्सफरवर आहे. पण बोट विकणाऱ्याच्या नावावर असतानाच त्याने अर्ज करायचा, त्याने ट्रेसिंग, फोटो, बिल ऑफ एन्ट्री, इंजिनाचं बिल जोडायचं, सर्व्हेअरने येऊन बोट बघायची, सुधारलेली नोंद व्हायची आणि मग तुम्ही घ्यायची. उलट केलंत तर चुकीचा नंबर तुमच्या नावावर चढला, आता करेक्शनला आधीच्या मालकाचं डिक्लेरेशन मागतात आणि तोपर्यंत तो दुबईला किंवा जहाजावर नोकरीला, फोन बंद. मी अशी एक फाइल दोन वर्षं सांभाळलीय. ॲफिडेव्हिटचं काम इथे आहे, या सगळ्या पुराव्यांच्या सोबत लावायला, त्यांच्या जागी नाही.

एक प्रश्न तुमच्या प्रश्नाखाली कुणीतरी विचारलाय म्हणून त्याचंही सांगून टाकतो, की इथेच बांधलेल्या होडीवर कारखान्याचा नंबर नसतोच, मग काय बघायचं. खरंय, आपल्याकडच्या लहान यार्डात बांधलेल्या कॅनोवर बहुतेक वेळा असा काही नंबर नसतो, बाजूला रंगाने लिहिलेला रजिस्ट्रेशन नंबर तेवढा, आणि रंगाची किंमत डबा आणि ब्रश एवढीच. तिथे बांधणाऱ्याचा दाखला, रुंदी-खोलीचं माप, इंजिन नंबर, जुने तपासणीचे रिपोर्ट आणि माणसं यावरच चालतं. माणसं म्हणजे शेजारी बोट लावणारा तांडेल, म्हणजे बोट चालवणारा मुख्य खलाशी. त्याला विचारा ही बोट इथे किती वर्षं आहे, मागच्या पावसाळ्यात कुठे ओढून ठेवली होती. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक बोटींची मासेमारी बंद असते तेव्हा बोटी वर काढलेल्या असतात, खालचा भाग, जुने सांधे, बुजवलेली भोकं सगळं उघडं दिसतं, होडी घ्यायची असेल तर तेव्हा बघायला जा. आणि एकच नंबर दोन होड्यांवर चालवायचा प्रकार बघायचा तर सकाळी जेटीवर सगळ्या परत आल्यावर जा, कारण एरवी एक आत असताना दुसरी बाहेर असते.

परत तुमच्याकडे येतो. मला तुमच्या वर्णनावरून वाटतं की ओ-शून्य हा क्लार्कचा घोळ असावा, २०१२ हा मालकाचा गैरसमज असावा, आणि खरा डोकेदुखीचा विषय इंजिन आहे. पण हे मी बोट न बघता म्हणतोय, त्यामुळे त्याला तेवढीच किंमत द्या. टोकन द्यायचंच असेल तर थोडं द्या आणि पावतीवर स्पष्ट लिहून घ्या की बॉडी नंबरची रजिस्टरात दुरुस्ती आणि इंजिनाची नोंद विकणाऱ्याने स्वतःच्या खर्चाने करून दिल्यावरच व्यवहार पुरा, ठरलेल्या तारखेपर्यंत नाही झाली तर टोकन परत. या एका ओळीवर विकणारा कसा वागतो ते बघा. ज्याची बोट सरळ असते तो कुरकुरतो, दोन शिव्या क्लार्कला घालतो, आणि सही करतो.

शनिवारी बेतीला ओहोटी कधी आहे ते बघून जा, बोट चिखलात टेकलेली असेल तर मागच्या पाटीपर्यंत गुडघाभर पाण्यात पोचता येतं, नाहीतर होडीतून वाकून ट्रेसिंग घेताना कागद भिजतो. ट्रेसिंगचा फोटो आणि 'ओ' कितव्या जागेवर आहे ते इथेच टाका, बघून सांगतो. नंबरची मधली दोन-तीन अक्षरं झाकून टाका मात्र.